वाळवंटातला सोरा आणि मांजराकाठचा ऊस

मागच्या वैशाखात चुलतभावाच्या रानात रात्री दहाला बोअरची गाडी लागली. गाडी तामिळनाडूची, वरची पोरंही तिकडचीच. पाणाड्याच्या तळहातावर नारळ जिथं उभा राहिला तिथं खुंटी ठोकलेली. दोनशे फुटांवर थोडी ओल दिसली, तेवढीच. चारशेला नुसता पांढरा फुफाटा. पाचशे, सहाशे. वहिनी तोंडाला पदर लावून बांधावर बसली होती आणि दर वेळी नवा पाईप जोडला की ती उठून उभी राहायची. पहाटे मी भावाला म्हणालो, "आता थांबव." तो म्हणाला, "दादा, एवढं केलंय, अजून पन्नास फूट बघू. सोसायटीचं कर्ज उसावरच उचललंय, ऊस वाळला तर फेडू कशानं?" सातशे वीस फुटांवर गाडी थांबली. बोअर कोरडा गेला.

त्याच रानात, शंभर पावलांवर, आमच्या आबांची विहीर आहे. पन्नास फूट खोल, दगडी पायऱ्यांची. दसऱ्याला आबा विहिरीच्या काठावर उभे राहून पाण्याबाहेरच्या पायऱ्या मोजायचे आणि मग रब्बीला काय पेरायचं ते ठरवायचे. पायऱ्या कमी उघड्या असल्या तर गहू, जास्त उघड्या असल्या तर नुसता हरभरा आणि करडई. त्या हिशेबाला आम्ही म्हातारपणाची सवय समजत होतो.

त्या पहाटे बांधावर बसलो असताना मला हंबरस्टोन आठवलं. चिली देशाच्या उत्तरेला अटाकामा वाळवंटात, इकीके बंदरापासून सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीस किलोमीटर आत असलेलं हे ओस गाव. मी तिथं गेलेलो नाही. वाचून आणि छायाचित्रं पाहून जे कळलं त्यावरच लिहितो आहे. पण गेली काही वर्षं मराठवाड्याचा विचार करताना ते गाव माझ्या डोक्यातून जात नाही, आणि का जात नाही हे नीट मांडावं म्हणून हा लेख.

अटाकामा जगातल्या सगळ्यांत कोरड्या प्रदेशांपैकी एक. तिथं पाऊस जवळपास पडतच नाही, म्हणूनच जमिनीच्या वरच्या थरात क्षार साठून राहिले. त्या थराला तिकडं कालिचे म्हणतात. तो फोडून, उकळून, स्वच्छ करून सोरा निघायचा. सोरा म्हणजे नत्राचा क्षार: शेताला खत आणि तोफेला दारू. एकोणिसाव्या शतकात युरोपातली शेतं थकली होती आणि लष्करं वाढत होती, त्यामुळे या पांढऱ्या मिठाला सोन्याची किंमत आली. १८७२ मध्ये तिथं ला पाल्मा नावाची सोऱ्याची वसाहत उभी राहिली. तेव्हा तो भाग पेरूचा होता. सोऱ्यावरच्या कराच्या तंट्यातून १८७९ मध्ये चिली एका बाजूला आणि बोलिव्हिया व पेरू दुसऱ्या बाजूला, असं युद्ध पेटलं. त्यात बोलिव्हियानं आपला सगळा समुद्रकिनारा गमावला आणि पेरूनं हा प्रांत. पुढची कित्येक दशकं चिली सरकारच्या तिजोरीतला जवळपास निम्मा महसूल एकट्या सोऱ्याच्या निर्यातकरातून येत होता.

मग तिकडं जर्मनीत, प्रयोगशाळेत, या गावाचं मरण तयार झालं. फ्रिट्झ हाबर यांनी १९०९ मध्ये हवेतल्या नत्रापासून अमोनिया करून दाखवला. कार्ल बॉश यांनी त्याचा कारखाना शक्य केला आणि १९१३ मध्ये ओपाऊ इथं उत्पादन सुरू झालं. पहिल्या महायुद्धात इंग्रजांच्या नौदलानं चिलीचा सोरा जर्मनीला पोचू दिला नाही, तेव्हा हे तंत्र जर्मनीसाठी जीव वाचवणारं ठरलं आणि युद्धानंतर ते जगभर पसरलं. १९२९ च्या मंदीनं उरलंसुरलं मोडून काढलं. नव्या कंपनीनं १९३४ मध्ये ला पाल्माला नवी यंत्रं दिली, जेम्स थॉमस हंबरस्टोन या जुन्या रसायनतज्ज्ञाचं नाव दिलं, नाट्यगृह बांधलं, हॉटेल बांधलं, लोखंडी पोहण्याचा तलाव केला. तीन हजारांवर माणसं तिथं राहत होती. १९६० पर्यंत सगळी निघून गेली. २००५ मध्ये युनेस्कोनं त्या रिकाम्या घरांना जागतिक वारशाचा दर्जा दिला.

आपल्याकडची युरियाची ४५ किलोची गोणी त्याच हाबर-बॉश तंत्रातून येते. आमच्या उसाला आम्ही जे खत घालतो त्यानंच एका वाळवंटी गावाची रोजी संपवली.

आता माझा मुद्दा. खाणगाव का मेलं, असं विचारलं तर सगळे म्हणतात, खाण संपली. हंबरस्टोनच्या बाबतीत ते खरं नाही. अटाकामात कालिचे शिल्लक होतं, आजही आहे, आणि चिलीत थोडाबहुत सोरा आजही काढला जातो. गाव मेलं ते दुसऱ्या कारणानं: भाव लंडनला ठरायचा, तंत्र जर्मनीत बदललं, नफा बंदरातून बाहेर गेला आणि गावात दुसरं काहीही उभं करण्याची कुणाला गरज वाटली नाही. सोरा चालू होता तोवर सगळं चालू होतं. मराठवाड्याबद्दल आपण सतत "पाणी कधी संपेल" हाच प्रश्न विचारत बसतो. त्याच्याइतकाच मोठा प्रश्न दुसरा आहे. पाणी आहे तोवर आपण सगळं एकाच पिकाला, एकाच गिऱ्हाइकाला, एकाच परवान्याला का बांधून ठेवतो आहोत?

पाण्याची आणि खाणीची तुलना कशी करता, पाऊस दरवर्षी पडतोच की, असं कुणी म्हणेल. बरोबर आहे, आणि म्हणूनच विहीर ही खाण नाही. पण आपल्या पायाखाली काळा पत्थर आहे, लाव्ह्याचे एकावर एक थर. वरच्या मुरमात आणि फुटक्या खडकात पावसाचं पाणी मुरतं, थोडं साठतं आणि उन्हाळ्यापर्यंत वापरून संपतं. पुढच्या मृगात ते परत भरतं. त्याखालचा खडक बहुतेक घट्ट आहे. त्यातल्या भेगांत, दोन थरांच्या मधल्या सांध्यांत जे पाणी आहे ते हळूहळू, वर्षानुवर्षं झिरपलेलं आहे. पाचशे-सातशे फुटांचा बोअर ते एका हंगामात ओढून काढतो. वर आणखी एक नुकसान होतं, ते पटकन दिसत नाही: खोल बोअर वरच्या थराला भोक पाडतो आणि शेजारच्याच्या विहिरीचं पाणी खालच्या भेगांत निसटून जातं. आमच्या आबांची विहीर आटली ती काही फक्त पाऊस कमी झाला म्हणून नाही. ७२ च्या दुष्काळात तिला पाणी होतं असं आजी सांगायची.

संभाजीनगरात याचं उलट उदाहरण जमिनीखाली आहे. सतराव्या शतकाच्या आरंभी मलिक अंबरनं बांधलेली नहर. डोंगरपायथ्याचं झिरपलेलं पाणी भुयारी नळांतून, केवळ उताराच्या बळावर, शहरात यायचं आणि शतकानुशतकं आलं. नहरीला मोटार नाही. जमीन जेवढं देईल तेवढंच ती घेऊ शकते, त्याहून जास्त मागायची सोयच तिच्यात नाही. मला ही रचना आपल्या सगळ्या जलनियोजनापेक्षा शहाणी वाटते.

२०१६ चा उन्हाळा लातूरकर विसरणार नाहीत. मांजरा धरण कोरडं पडलं. पाणी भरण्याच्या ठिकाणी भांडणं होऊ नयेत म्हणून जिल्हाधिकाऱ्यांना जमावबंदीचं १४४ कलम लावावं लागलं. १२ एप्रिलला मिरजेहून पहिली जलदूत रेल्वे आली, दहा वाघिण्यांत पाच लाख लिटर पाणी घेऊन. पुढं पन्नास वाघिण्यांची गाडी यायला लागली, एका खेपेला २५ लाख लिटर. लोक रुळाच्या कडेला उभे राहून त्या गाडीला हात जोडत होते. मीही जोडले.

आता एक हिशेब करा. एक किलो साखरेमागे शेतातल्या उसाला साधारण दोन हजार लिटर पाणी लागतं, असं नेहमी सांगितलं जातं. पन्नास वाघिण्यांच्या पाण्यात साखर बसते साडेबारा क्विंटल. म्हणजे बारा टन ऊस. ट्रॅक्टरच्या दोन ट्रॉल्याही त्यात नीट भरत नाहीत. साडेतीनशे किलोमीटरवरून, देशभर बातम्या होत जी गाडी आली, ती आपण एका ट्रॅक्टरच्या एका खेपेत परत बाहेर पाठवतो. असे ट्रॅक्टर हंगामात कारखान्याच्या गेटवर रात्रभर रांगा लावून उभे असतात.

राज्यात पिकाखालच्या जमिनीपैकी चार टक्क्यांच्या आसपास ऊस आहे आणि सिंचनाच्या पाण्याचा सुमारे सत्तर टक्के वाटा तो घेतो, हा आकडा सरकारी आणि अभ्यासकांच्या कागदांत वर्षानुवर्षं फिरतो आहे. २०१९ मध्ये औरंगाबादच्या विभागीय आयुक्त कार्यालयानं मराठवाड्यात ऊस आणि साखर कारखाने बंद करावेत अशी शिफारस करणारा अहवाल सरकारला दिला. त्याआधी २०१७ मध्ये मंत्रिमंडळानं उसाला ठिबक सक्तीचं केलं होतं. भूजलाचा कायदा आहे, त्यात ६० मीटरपेक्षा खोल विहिरीवर, म्हणजे बोअरवरही, बंधनं आहेत. ६० मीटर म्हणजे सुमारे दोनशे फूट. भावाचा बोअर सातशे वीस फूट गेला आणि त्या रात्री विचारायला कुणी आलं नाही.

इथं मला थांबून एक गोष्ट स्पष्ट करायची आहे, कारण शहरातले लोक हा सगळा हिशेब ऐकला की लगेच शेतकऱ्याला हावरट ठरवतात. माझा भाऊ हावरट नाही. त्याचं गणित चोख आहे. उसाला एफआरपी, म्हणजे केंद्रानं ठरवलेला किमान दर आहे. कारखान्यानं ऊस नेल्यावर चौदा दिवसांत पैसे दिले पाहिजेत असं १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशात लिहिलंय. पैसे थकतात, आंदोलनं होतात, तरी दर कायद्यानं बांधलेला आहे आणि घेणारा ठरलेला आहे. सोयाबीनचं काय? २०२४-२५ ला हमीभाव ४,८९२ रुपये क्विंटल होता आणि हंगामात आडतीवर त्याच्या कितीतरी खाली सौदे होत होते. हमीभावाखाली माल घेतला म्हणून कुठल्या व्यापाऱ्याला कधी शिक्षा झालेली मी पाहिली नाही. तुरीचं तेच, हरभऱ्याचं तेच. खरेदी केंद्र उशिरा उघडायचं, मग बारदाना नाही, मग मॉइश्चर जास्त. लातूरची तूरडाळ देशभर जाते, इथल्या बाजार समितीत सोयाबीनचे ढीग लागतात, आणि ते पिकवणारा माणूस मात्र तूर काढून उसाला पाणी देतो, कारण राज्यानं त्याला खात्री फक्त उसात दिली आहे. मग तो सातशे फूट खणणार नाही तर काय करणार? उसाला बंदी घाला म्हणणारा प्रत्येक अहवाल इथंच लंगडा पडतो. एक खात्री काढून घ्यायची आणि बदल्यात सल्ला द्यायचा, हे कोण मान्य करेल?

आणि उसाची ती खात्रीसुद्धा आपल्या हातात नाही. गेली काही वर्षं कारखान्यांनी इथेनॉलसाठी मोठी कर्जं काढली. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्रानं उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर अचानक बंधन आणलं, पुढच्या वर्षी ते उठवलं. दरम्यान मका आणि तांदळापासूनचं इथेनॉल उसाच्या पुढं निघून गेलं. ज्याला पाणी कमी लागतं असं मक्यासारखं पीक उसाची जागा घ्यायला तयार आहे, दुसऱ्या राज्यांत, दुसऱ्या जमिनीवर. चिलीच्या सोऱ्याला हवेतून नत्र काढणारं यंत्र भेटलं तसाच हा प्रकार आहे, फक्त हळू चाललेला.

हंबरस्टोनची आठवण येण्याचं आणखी एक कारण आहे. ते सांगताना मला त्रास होतो.

सोऱ्याच्या वसाहतीत मजुराला पगार रोख मिळत नसे. कंपनी आपले बिल्ले द्यायची, त्यांना फिचा म्हणत. ते चालायचे फक्त कंपनीच्या दुकानात, कंपनीच्या भावानं. बाहेर बदलायला गेलं तर किंमत कापली जायची. डिसेंबर १९०७ मध्ये हजारो मजूर वाळवंटातून इकीकेला उतरले. त्यांच्या मागण्या वाचल्या की माणूस गप्प होतो. बिल्ल्यांची पूर्ण किंमत द्या. उकळत्या टाक्यांवर जाळ्या बसवा, माणसं आत पडतात. रात्रशाळेला खोली द्या. आणि दुकानाबाहेर एक तराजू ठेवा, म्हणजे घेतलेला माल आम्हाला तोलून बघता येईल. २१ डिसेंबरला, सांता मारिया शाळेत जमलेल्या त्या लोकांवर, त्यांच्या बायकामुलांवर सैन्यानं गोळ्या चालवल्या. किती मेले यावर अजून वाद आहे. शेकडोंपासून दोन हजारांच्या पुढंपर्यंत आकडे सांगितले जातात.

आपल्या बीडच्या, धाराशिवच्या, जालन्याच्या डोंगरपट्ट्यातला माणूस दसरा-दिवाळीला ऊसतोडीसाठी मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ पैसे घेतो. नवराबायको मिळून एक कोयता. ती उचल फेडायला पोराबाळांसह सहा महिने पालात राहायचं, पहाटे फडात उतरायचं, वाढे, म्हणजे उसाचे शेंडे, विकून चहा-मिठाचं भागवायचं. आजारपणात एक दिवस गेला तर खाडा, खाड्याचे पैसे कापले जातात. हंगाम संपताना हिशेब होतो आणि पुष्कळदा उचल फिटलेली नसते, म्हणून पुढच्या वर्षी त्याच मुकादमाकडं. २०१९ मध्ये बीडच्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न विधिमंडळात आला. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीनं बघितलं तर पाहणी केलेल्या सुमारे ८२ हजार बायकांपैकी साडेतेरा हजारांहून अधिक जणींचं गर्भाशय काढलेलं होतं. खाडा परवडत नाही, फडात न्हाणी नाही, पाणी नाही. आणि तराजूची मागणी? वजनकाट्यावर उसाचं वजन कमी दाखवणारी काटामारी थांबवा, बाहेरून तोलून आणलेला ऊस मान्य करा, हे शेतकरी आजही मागतो आहे. शंभराहून अधिक वर्षं झाली तरी तराजू दुकानाच्या आतच आहे.

ज्या तालुक्यांतून जमिनीत पाणी नाही म्हणून माणसं कोयता घेऊन बाहेर जातात, त्याच प्रदेशात उरलेलं पाणी उसात ओततात. हे मला सगळ्यांत जास्त खुपतं.

कारखान्यांनी काहीच दिलं नाही असं मी म्हणणार नाही. आमच्या भागातली पहिली कॉलेजं, डांबरी रस्ते, दवाखाने, शेतकऱ्याच्या पोराला मिळालेली पहिली पगारी नोकरी, यातलं पुष्कळसं सहकारी साखरेतून आलं. हंबरस्टोनमध्येही नाट्यगृह आलं होतं. सोरा वाईट नव्हता आणि साखरही वाईट नाही. पण आज या भागात बंद पडलेले, भाड्यानं दिलेले, लिलावात निघालेले कारखाने जाऊन बघा. गेटवरचं वडापावचं दुकान, टायर पंक्चरवाला, कामगारांच्या चाळी, शाळेची इमारत. वर्षभरात कशी कळा जाते ते कळतं.

"आमचं हक्काचं पाणी वर अडवलंय, ते सोडा, मग बोला," असं कुणी म्हणेल तर त्यात तथ्य आहे. जायकवाडीचं पाणी वरच्या धरणांत अडतं. समन्यायी वाटपाचा २००५ चा कायदा असताना दर दुष्काळात न्यायालयात जावं लागतं, आणि तो लढा सोडता कामा नये. पण ते पाणी आल्यावर कुठं जाईल, हे आधी ठरवलं पाहिजे. आज आहे ती खात्री आणि तेच परवाने राहिले तर कृष्णेचं पाणी आणा की कोकणचं, ते फडात जाईल आणि पुढच्या दुष्काळात रेल्वे पुन्हा मिरजेहून येईल.

नव्या कारखान्याला परवाना देताना दोन कारखान्यांमधलं हवाई अंतर मोजतात, राज्यात ते २५ किलोमीटर आहे. मोजायचं तर खालचं पाणी मोजा. मांजरा आणि तेरणा खोऱ्यांत जितका ऊस आज आहे त्याला पुरेल इतकं पाणी दहा वर्षांतल्या वाईट तीन वर्षांत असतं का, हे जाहीर करा, आणि तोवर नवा कारखानाही नको आणि जुन्याची गाळपक्षमताही वाढवू नका. त्याच वेळी, आधी किंवा नंतर नाही, तूर, हरभरा आणि सोयाबीनला उसासारखं कायद्याचं बळ द्या: ठरलेला दर, ठरलेला घेणारा, चौदा दिवसांत पैसे. एकट्या उसाला हे करता आलं कारण राज्यकर्त्यांना ते करायचं होतं. साठ मीटरच्या कायद्याची अंमलबजावणी मग ग्रामसभेलाही करता येईल, कारण दोनशे फुटांत भागणारी पिकं घेणं परवडू लागलेलं असेल. लातूर, धाराशिव, जालना या जिल्ह्यांत अटल भूजल योजनेत गावांनी पाण्याचे ताळेबंद केले आहेत. जालन्याच्या कडवंचीनं नव्वदच्या दशकात पाणलोटाचं काम केलं आणि नंतरचे दुष्काळ इतरांपेक्षा बरे काढले. तिथंही शेततळी भूजलावर भरण्याचा प्रश्न उभा राहिला, तोही नजरेआड करू नये. पण आधी मोजून मग पेरायची पद्धत लोकांना जमते, एवढं तरी तिथं दिसलं.

भावानं यंदा खोडव्याचा ऊस मोडला. कर्ज अजून फिटलेलं नाही आणि तो माझ्याशी या विषयावर फार बोलत नाही. पावसाळ्याआधी आम्ही दोघांनी मिळून आबांच्या विहिरीतला गाळ काढला, कोरड्या बोअरच्या तोंडावर लोखंडी टोपण बसवलं. दसऱ्याला तो काठावर उभा राहिला आणि मोठ्यानं पायऱ्या मोजल्या. अकरा उघड्या होत्या. वहिनी म्हणाली, "अकरा म्हणजे हरभरा का गहू?" आबांचा आकडा आमच्यापैकी कुणाच्याच लक्षात नव्हता. हरभरा पेरला.